काचेआडचा बाजार

मास्तरांच्या बायकोनं मला एकच अट घातली. "लिवा," त्या म्हणाल्या, "पण त्याईचं नाव नका टाकू. एकडाव लोकं हासले, पुरे झालं." म्हणून या लिखाणात कुणाचंच नाव नाही, माझंही नाही. मी त्यांना मास्तर म्हणेन. शेलूबाजारात शिंप्याला सगळे मास्तरच म्हणत, आणि ते आमच्या कापडाच्या दुकानाच्या ओट्यावर शिलाई मशीन टाकून बसत.

तेव्हा मी त्यांना अरेतुरे करत असे. वयानं ते माझ्याहून मोठे. पण मी शेठजींचा मुलगा आणि ते ओट्यावरचे, त्यातून बौद्धवाड्यातले. रीतच तशी होती, आणि त्या रीतीत माझी सोय होती म्हणून मी ती कधी उलटून पाहिली नाही. ते मला 'लहाने शेठ' म्हणत. लिहिताना मात्र मी त्यांना अहोजाहो करणार आहे.

सांगायचं ते आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं माझा हात कचरायचा नाही. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर मास्तर मुंबईच्या टीव्हीवर गेले होते. तेव्हा वाशीम जिल्हा वेगळा नव्हता, आम्ही अकोल्यातच मोडत होतो आणि आमच्या भागात टीव्हीची पेटी कुणी डोळ्यांनी पाहिली नव्हती. त्या संध्याकाळी मास्तरांनी जे केलं, ते आमच्याकडच्या एकाच माणसानं आवाजासकट पाहिलं. तो मी. आणि गावात येऊन मी खोटं सांगितलं.

मास्तर काय करत ते आता कुणाला ठाऊक नाही. ते आवाज काढत. तसे आवाज काढणारे पुष्कळ असतात, कोंबडा झाला, रेल्वे झाली, पुढाऱ्यांची भाषणं झाली. मास्तर आख्खा आठवडी बाजार काढत. ओट्यावर बसून वर्षानुवर्षं त्यांनी तो ऐकला होता. पाय मशीनच्या पायट्यावर, डोळे सुईवर आणि कान बाजारात. पहाटेच्या बैलगाडीच्या कोरड्या आसाच्या कुरकुरीपासून ते सुरू करत. मग पाय बांधलेल्या कोंबड्या, भांडेवाल्याची पाण्याच्या पितळी गुंडावरची टिचकी, कांदेवालीचं आणि गिऱ्हाइकाचं भांडण, जीपवाल्या पोराचं "मंगरूळ-मंगरूळ-मंगरूळ" असं एका श्वासातलं ओरडणं. कांदेवाली आणि तिचं गिऱ्हाईक ते एकाच वेळी काढत, म्हणजे एक बोलत असताना दुसरीचं पुटपुटणं मागून ऐकू यायचं. हे कसं जमतं ते मी त्यांना पुष्कळदा विचारलं. ते म्हणत, "तुमाले दुकान आनं दुकानाबाहेरचं संगंच ऐकू येते ना? तसंच हाय."

या सगळ्याच्या मधोमध ते एकदम गप्प होत. हा बैलबाजाराचा भाग. आमच्याकडे बैलाचा सौदा तोंडानं होत नाही. दोन दलाल हातावर रुमाल टाकतात आणि रुमालाखाली एकमेकांची बोटं दाबून भाव सांगतात, म्हणजे भोवतालच्या लोकांना कळत नाही. वर दोघांचे चेहरे दगडासारखे. मास्तर हाताच्या पालथ्या पंजावर शिलाईचं एखादं फडकं टाकत आणि एकटेच दोन्ही दलाल होत. एकाचे डोळे बारीक, दुसऱ्याची जीभ गालात. आणि अधूनमधून तिसरा चेहरा, बैलाचा. त्याचीच किंमत ठरते आहे आणि त्याला काही सोयरसुतक नाही, तो रवंथ करतो आहे.

हा भाग मला आवडत नसे. शाळेच्या गॅदरिंगमध्ये, गणपतीत, जयंतीच्या कार्यक्रमात पाचव्या रांगेच्या मागे बसलेल्यांना काहीच दिसायचं नाही. पोरं शिट्ट्या मारायची. मी मास्तरांचा निवेदक होतो. म्हणजे माइकवर उभं राहून "आता पाहा, इकडे बैलांचा बाजार भरला आहे" असं शुद्ध भाषेत सांगायचं काम माझं. कॉलेजात दोन वर्षं गेलो होतो, आवाज बरा होता. त्या गप्प जागेत मी सगळं बोलून टाकायचो. कोण दलाल, कोणती बोटं, रुमालाखाली काय चाललंय. मास्तर एकदा म्हणाले होते, "लहाने शेठ, तथी थोडं थांबत जा ना." मी म्हटलं, "मी थांबलो तर लोक उठून जातील." ते हसले.

रामनवमीला आम्ही पोहरादेवीच्या यात्रेत कापडाच्या दुकानाचं पाल टाकत असू. मास्तरही मशीन घेऊन यायचे, घेतलेलं कापड तिथंच शिवून द्यायला. एके वर्षी मुंबईहून टीव्हीच्या एक बाई आल्या होत्या, हातमागाची साडी, खांद्याला झोळी. त्या बंजारा तांड्यातल्या बायकांची गाणी ऐकायला आल्या होत्या. आमच्या पालापुढे मास्तरांनी गिऱ्हाईक जमवायला कांदेवालीचा आवाज लावून दिला होता. बाई थांबल्या. संपेपर्यंत उभ्या राहिल्या.

"हे सगळे आवाज तुम्ही एकटेच काढता?" त्यांनी विचारलं.

"नाई बाई," मास्तर सुईत दोरा ओवत म्हणाले, "बैल थोडी मदत करते."

लोक खळखळून हसले. बाईंनी दुकानाचा पत्ता लिहून घेतला. त्यांचा एक कार्यक्रम होता, त्यात गावोगावचे कलावंत एकामागून एक येत, कुणी गाणारा, कुणी जादूवाला, कुणी भारुडवाला. पावसाळा संपताना बोलावण्याचं पत्र आलं.

मग काय विचारता! शेलूबाजारात ते बोलावणं मास्तरांचं राहिलंच नाही, ते माझं झालं. मीच ते हॉटेलात वाचून दाखवलं. मीच सगळ्यांना समजावून सांगितलं की टीव्ही म्हणजे काय, तिथं माझा चेहरा दिसणार नाही पण आवाज पडद्याआडून येईल, निवेदकाचं तसंच असतं. मला कुणी हे सांगितलं नव्हतं. मी नवीन टेरिलीनचं कापड फाडलं आणि मास्तरांनीच मला त्याचा शर्ट शिवून दिला. स्वतःचा जुनाच धुऊन इस्त्री केला. माझे वडील गल्ल्यावरून म्हणाले, "मास्तर, मुंबईले चालला तू आनं नवा सदरा याच्या अंगात?"

"शेठजी, मी बाजार घालून जातो," मास्तर म्हणाले. "सदरा कोन पाह्यते!"

एसटीनं अकोला आणि तिथून रेल्वे. वाटेत मी निवेदन पाठ करत होतो आणि मास्तर खिडकीशी बसून स्टेशनावरचे चहावाले गोळा करत होते, म्हणजे मनात.

टीव्हीच्या केंद्रात बाई भेटल्या. माझं निवेदन त्यांनी उभ्याउभ्याच ऐकलं. वाईट काही बोलल्या नाहीत. "छान लिहिलंय. पण यांना गरजच नाही हो, ते स्वतःच सगळं सांगतात. आणि मधली ती गप्प जागा मला तशीच हवीय. तुम्ही असं करा, बाहेर पेटी आहे, तिथं बसून बघा. मजा येईल तुम्हाला."

मास्तर माझ्याकडे पाहत होते. ते म्हणाले, "बाई, शेठ संग असले तं मले बरं वाटते."

बाई म्हणाल्या, "जागा नाही हो आत."

मी म्हटलं, "जा तू. मी बघतो."

बाहेर बोळात कॅन्टीनच्या दाराशी स्टँडवर पेटी होती. मी आयुष्यात पहिल्यांदा टीव्ही पाहिला तो असा, टेरिलीनच्या शर्टात, लाकडी बाकावर बसून. आजूबाजूला तिथलेच लोक होते. दिवे लावणारे, हातात कापूस घेतलेला रंगभूषेवाला, कपबशांचा ट्रे घेऊन उभा असलेला कॅन्टीनवाला. आत जे चाललं होतं तेच त्याच क्षणी पेटीत दिसत होतं. आधी एक गाणं झालं, मग कुणी पत्त्यांची जादू केली. हे लोक रोजच बघणारे, ते आपापसात गप्पा मारत होते.

मग बैलगाडी कुरकुरली.

पहिल्यांदा कॅन्टीनवाल्यानं मान वळवली. त्याला वाटलं बोळातच काहीतरी आलं. कोंबड्या झाल्या, भांडी झाली. कांदेवालीनं तोंड उघडल्यावर रंगभूषेवाला म्हणाला, "ही तर आमची मावशी!" सगळे हसले आणि पेटीजवळ सरकले. आणि मग मास्तर गप्प झाले. त्यांनी हातावर फडकं टाकलं. मी सवयीनं तोंड उघडलं, इथं माझं वाक्य होतं.

कॅमेरा त्यांच्या चेहऱ्याजवळ गेला. इतका जवळ की पेटीत फक्त चेहराच उरला. मी त्यांच्यासोबत किती कार्यक्रम केले असतील, पण तो चेहरा मी तोवर पाहिलाच नव्हता, कारण मी कायम त्यांच्या बाजूला उभा राहून लोकांकडे बघत बोलत असायचो. बारीक डोळ्यांचा दलाल. मग गालात जीभ घातलेला. बारीक डोळ्यांच्या दलालाचं बोट दाबलं गेलं, तसे त्याचे डोळे किंचित मोठे झाले आणि त्यानं ते लगेच आवरले. मग बैल. बैलानं दोघांकडे पाहिलं आणि जांभई दिली.

बोळात जो हशा उठला तो मला आजही ऐकू येतो. "अरे, तो बैल बघ, तो बैल!" कॅन्टीनवाल्याच्या ट्रेमधल्या बशा वाजत होत्या. रंगभूषेवाल्यानं हातातल्या कापसानं डोळे पुसले. आणि मास्तरांनी फडकं झटकून एकदम "सौदा झाऽऽला!" अशी आरोळी दिली आणि सगळा बाजार पुन्हा सुरू केला, तेव्हा त्या लोकांनी टाळ्या वाजवल्या. समोर माणूस नाही, पेटी आहे, आणि ते टाळ्या वाजवत होते.

मी वाजवल्या नाहीत.

मास्तर बाहेर आले तेव्हा घामानं निथळत होते. आत दिवे फार, समोर कुणी प्रेक्षक नाही, कॅमेऱ्यावरच्या लोकांना हसायची बंदी. बाई पुढच्या कार्यक्रमात गुंतल्या होत्या, त्यांनी लांबूनच हात जोडून "छान झालं" म्हटलं. तसं त्या सगळ्यांनाच म्हणत होत्या.

"कसं झालं शेठ?" मास्तरांनी विचारलं. "तथी तं भिंतीसमोर बोलल्यावानी वाटत व्हतं. कोनी हासेच ना. तुमी पाह्यलं ना?"

"पाहिलं. झालं बरं," मी म्हटलं.

आम्ही त्यांच्या चुलतभावाकडे गेलो. तो गोदीत कामाला होता, त्याच्या खोलीवर मास्तर काही दिवस राहणार होते. चुलतभाऊ दारातच उभा. त्याच्या घरी टीव्ही कुठला! पण जवळच्या मोठ्या रस्त्यावर रेडिओचं दुकान होतं आणि दुकानदार गिऱ्हाइकांना दिसावी म्हणून काचेमागे पेटी चालू ठेवत असे. चुलतभाऊ शेजाऱ्यांना घेऊन तिथं फुटपाथवर उभा राहिला होता.

"दिसला दादा तू! चांगला मोठ्ठा दिसला!" तो म्हणाला. मग जरा थांबून म्हणाला, "पन आवाज नाई आला. नुसतं तोंड हालताना दिसलं. मधात एकडाव लोक हासले, पन आवाज काई नाई आला बाप्पा."

मास्तरांचा चेहरा मी पाहत होतो. त्यांनी माझ्याकडे वळून विचारलं, "मशीन बिघडली व्हती का शेठ? तुमच्याइकडे आल्ता का आवाज?"

मला माहीत होतं. काचेमागच्या पेटीचा आवाज रस्त्यावर येत नाही. आमच्या बोळात तर कांदेवालीचा श्वास ऐकू येत होता. एवढंच सांगायचं होतं, "काच होती रे मधी, वेड्या." एका वाक्यात सगळं मिटलं असतं आणि हसून जेवायला बसलो असतो.

मी म्हटलं, "बिघडली असेल."

मी तसं का म्हटलं याचं उत्तर मी पुष्कळ वेळा शोधलं. बाईंनी मला बाहेर बसवलं त्याचा राग होता. त्याहून मोठी गोष्ट अशी की ती गप्प जागा मी इतकी वर्षं बोलून बोलून नासवली, हे मला त्या बाकावर बसून कळलं होतं. ते मला गिळवलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी एकटाच परतलो. शेलूबाजारला उतरलो तो नेमका बाजाराचा दिवस. हॉटेलात माझी वाटच पाहत होते.

"आले, आले! टीव्हीवाले आले!"

"बस राजा. आंधी सांग, तुया आवाज कसा आला?"

मी बसलो, चहा घेतला. एवढ्या लोकांना मी सांगून गेलो होतो की माझा आवाज पडद्याआडून येणार. आता मला आतसुद्धा घेतलं नाही, हे कोणत्या तोंडानं सांगू? चुलतभावाचं वाक्य तयारच होतं.

"काय सांगू राजेहो," मी म्हटलं, "आवाजच गेला."

"म्हंजे?"

"मशीन बिघडलं ऐन वेळी. चित्र दिसे, आवाज बंद. माझं निवेदनही गेलं आनं मास्तरचा बाजारही गेला."

"आं? मंग मास्तर काय करे तथी?"

तेव्हा मी ते केलं. मासोळीसारखं तोंड उघडलं आणि मिटलं. उघडलं आणि मिटलं. हात हलवले, डोळे मोठे केले, आणि आवाज नाही.

हॉटेल हसून लोळलं. एक म्हातारा तर ठसका लागून बाहेर गेला. "पुना कर, पुना कर!" लोक म्हणाले. आणि मी पुन्हा केलं. मास्तरांसोबत इतके कार्यक्रम केले, पण लोक माझ्यामुळे हसले असे ते पहिल्यांदा. ती चव मला आवडली, हे लपवण्यात आता अर्थ नाही.

मास्तर काही दिवसांनी जीपमधून उतरले तेव्हा "मंगरूळ-मंगरूळ" ओरडणाऱ्या पोरानं त्यांना पाहून आवाज बंद केला आणि नुसतं तोंड हलवलं. मास्तरही हसले. दुसऱ्यानं केलं, पानठेल्यावरच्या चौघांनी केलं. ओट्यावर येऊन त्यांनी मशीनवरचं फडकं काढलं, तेल घातलं, आणि मग विचारलं, "लहाने शेठ, तुमी सांगतलं का इकडे?"

"लोकांनी विचारलं," मी म्हटलं.

"बरं केलं. खोटं कायले सांगा!"

ते हे उपरोधानं बोलले नव्हते. त्यांना ते खरंच वाटत होतं. स्वतः केलेलं काम त्यांना दिसणं शक्य नव्हतं, आणि ज्या दोघांनी पाहिलं त्या दोघांनीही आवाज नव्हता असंच सांगितलं होतं.

हळूहळू आमच्या बाजारात तो बोलण्याचा प्रकारच झाला. कुणी पुटपुटलं, कुणी पोकळ बढाई मारली, की "काय टीव्ही करून राह्यला बे?" मास्तर कार्यक्रमाला उभे राहिले की पुढच्या रांगेतली पोरं तोंडं हलवायची. मानोऱ्याच्या शाळेत ते कांदेवालीच्या मध्यातच थांबले आणि हात जोडून खाली उतरले. मी माइक धरून उभा होतो. मुख्याध्यापक म्हणाले, "प्रकृती बरी नाही वाटतं." मी म्हटलं, "हो."

एक संधी नंतरही मिळाली होती मला. टीव्हीच्या बाईंनी पुन्हा बोलावलं. दिवाळीच्या कार्यक्रमासाठी. मास्तरांनी ते ओट्यावर वाचलं आणि घडी करून खिशात ठेवलं.

"जाशीन का?" मी विचारलं.

"नाई. त्याईची मशीन बिघडली म्हून दया करून राह्यले बिचारे. मानसं चांगले हायेत." त्यांनी पायटा मारला, मशीन चालू झालं. "एकडाव झाली तेवढी शोभा पुरे."

पहिला कार्यक्रम फसला असता तर कुणी दुसऱ्यांदा बोलावतं का, हे मला दिसत होतं. त्यांना दिसलं नाही, कारण त्यांचा माझ्यावर विश्वास होता. माझ्या हातात मीटरपट्टी होती. समोर गिऱ्हाईक होतं. मी लट्ठा मोजत राहिलो.

पुढं त्यांनी ओटा सोडला. टुरिंग टॉकीजच्या जाहिरातीच्या जीपमध्ये बसून गावोगाव सिनेमाची आरोळी द्यायचं काम धरलं. जीपच्या टपावर भोंगा, आणि मास्तर आत, मागच्या बाजूला. लोक म्हणत की असा आवाज पुन्हा होणे नाही. तोंड मात्र कुणाला दिसत नसे. टॉकीज बंद पडली तेव्हा ते गावी जाऊन पुन्हा शिवायला लागले. टीव्ही आमच्या भागात यायला मधे बरीच वर्षं गेली. तो आला तेव्हा आमच्या दुकानातही आला. मी तो कधी आवाज बंद करून पाहू शकलो नाही.

मी वाशीमला राहायला गेलो, मुलं मोठी झाली, बायको गेली. रिकाम्या घरात माणसाला जे ऐकू येतं ते मला ऐकू यायला लागलं. काही वर्षांपूर्वी एका दुपारी मी त्यांच्या गावी गेलो. भिंतीवर बुद्धाची तसबीर, खाली तेच मशीन. मास्तर खाटेवर बसले होते, पार वाळलेले. त्यांच्या बायकोनं पाणी आणलं आणि मला निरखून म्हटलं, "हेच का थे शेठ? तुमचं निवेदन गेल्तं म्हंते थे?"

"हो वहिनी. तेच सांगायला आलो."

मी सगळं सांगितलं. बोळ, बाक, काच. सांगताना त्यांच्याकडे पाहणं जमलं नाही, मशीनच्या चाकाकडे पाहत बोललो. पहिल्यांदाच मी त्यांना 'तुम्ही' म्हणत होतो. वहिनी मधेच उठून आत गेल्या. भांडी आपटल्याचा आवाज आला.

मग मास्तरांनी विचारलं, "हासले कुठी?"

"काय?"

"लोकं हासले म्हंता ना. कोंच्या ठिकानी हासले?"

"रुमालाखालच्या सौद्याला," मी म्हटलं. "बैलानं जांभई दिली तेव्हा."

"तथी?" ते पुढे वाकले. "तथी तं आवाजच नसते!"

"हो. कॅमेरा चेहऱ्याजवळ आला होता. एकजण रडेपर्यंत हसला."

"म्हून तं थो म्हने, मधात लोक हासले," ते स्वतःशीच म्हणाले. चुलतभावाचं ते वाक्य त्यांनी इतकी वर्षं जपून ठेवलं होतं. आता त्याचा अर्थ लागत होता. "मी समजलो, मले हासले."

त्यांनी मला पुन्हा सुरुवातीपासून सांगायला लावलं. कॅन्टीनवाल्यानं मान कधी वळवली, मावशी कोण म्हणालं, टाळ्या कुठं पडल्या. मला सगळं आठवत होतं. सांगता सांगता त्यांचा उजवा हात डाव्या हाताच्या पालथ्या पंजावर गेला आणि तिथंच राहिला.

वहिनी चहा घेऊन आल्या. कप माझ्यापुढे ठेवताना म्हणाल्या, "चहा पिऊन घ्या, आनं मंग मी बोलतो तुमाले दोन शबूद." पण मास्तर म्हणाले, "नाई, राहू दे. आले तं खरं थे." मग मला म्हणाले, "शेठ, मले सांगतलं, बरं केलं. पन थे तुमी मले नोतं सांगतलं. बाजारात सांगतलं व्हतं. मंग बाजारातच सांगा."

"सांगतो," मी म्हटलं.

नाही सांगितलं. दुकान आता पुतण्या चालवतो, वडिलांच्या नावाची पाटी आहे, लोक काय म्हणतील, आज उद्या करत राहिलो. मास्तरांना त्यानंतर एकदा भेटलो. त्यांनी तो विषय काढला नाही. त्यांनी काढला असता तर बरं झालं असतं. गेल्या उन्हाळ्यात ते गेले. मी उशिरा पोहोचलो. लिहू का, असं मी वहिनींना तेव्हा विचारलं आणि त्यांनी ती अट घातली.

परवा बाजाराच्या दिवशी मी शेलूबाजारला गेलो. तेव्हाचं हॉटेल राहिलं नाही, तिथं मोबाइलचं दुकान आहे. माझा चेहरा ओळखणारं कुणी दिसेना. मनात पहिलं वाक्य जुळवत मी एका कांदेवालीपुढे उभा राहिलो. तरणी बाई, शेजारच्या मिरच्यावाल्याशी भांडण काढत कांदे रचत होती. मी बोलायला गेलो, थांबलो, पुन्हा गेलो.

तिनं वर पाहिलं. "ओ बाबा, काय टीव्ही करून राह्यले? काय पाह्यजे थे मोठ्यानं बोला ना!"

"किलोभर दे," मी म्हटलं. "आणि हे टीव्ही करणं कुठून आलं, माहीत आहे का तुला?"

"आमी तं असंच म्हंतो बाप्पा."

मी तिला सांगितलं. मोठ्यानं सांगितलं. ती कांदे निवडत, मापत ऐकत होती. मधे दोन गिऱ्हाइकं आली, तिनं त्यांना थांबवलं. कांदेवालीचा भाग आला तेव्हा ती हसली आणि म्हणाली, "मंग काढून दाखवा ना तिचा आवाज!" मी प्रयत्न केला. फार वाईट निघाला. थांबलेली गिऱ्हाइकंही हसली. रुमालाखालचा सौदा सांगताना मी बोलता बोलता थांबलो आणि ती जागा तशीच सोडली.

"म्हंजे आवाज आल्ता त्याईचा?" तिनं विचारलं.

"आला होता. पूर्ण आला होता. खोटं मी सांगितलं होतं."

तिनं पिशवी माझ्या हातात दिली. "आनं व्हते कोन थे?"

इथं नाव लिहायचं नाही असं मी कबूल केलं आहे. तिला मात्र मी नाव सांगितलं, आडनावासकट, गावासकट.

"कोन?" मिरच्यावाल्यानं पलीकडून विचारलं.

मी त्याच्याकडे वळून पुन्हा सांगितलं.